न वाढलेलं पान

शिरीष,

काल दुपारी तू मला पुन्हा विचारलंस, "हेमाबाई, चालू आहे ना?"

मी मान हलवली. कानावर तुझे ते जाड काळे हेडफोन, समोर लॅपटॉप, मांडीवर वही, आणि रिकाम्या खोलीत मी मान हलवून सांगते आहे की हो, चालू आहे. मग भानावर आले. तू जाऊन काल तेवीस दिवस झाले होते. पॉज दाबला, उठले, पाणी प्यायले, परत येऊन बसले आणि तेच वाक्य आणखी दोनदा ऐकलं. कशाला ऐकलं ते विचारू नकोस.

तुझी हार्ड डिस्क मेधाने आणून दिली. एका कापडी पिशवीत डिस्क, हेडफोन आणि ती निळी फाइल. "हे तुझ्याकडेच असू दे, मला उघडवत नाही," म्हणाली. पनवेलजवळच्या कोन गावातल्या तुमच्या फ्लॅटमधली तुझी खोली तिने अजून आवरलेली नाही. तू देहदान केलंस, दहावा नाही, तेरावा नाही, कावळ्यालासुद्धा काही काम ठेवलं नाहीस. तत्त्वाचा माणूस. पण मागे राहिलेल्यांना हातांनी करायला काहीतरी लागतं रे. बायको तुझे शर्ट पुन्हा पुन्हा धुते. मी तुझ्या मुलाखती उतरवते.

दहा वर्षं हेच केलं आपण. तू माणसांना बोलतं करायचास आणि मी ते बोलणं कागदावर आणायची. शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेली बाई सिनेमावाल्याच्या नादी कशी लागली, असं माझ्या बहिणी अजून विचारतात. खरं तर तूच माझ्या नादी लागलास. आमच्या शाळेत तुझी एक छोटी फिल्म दाखवायला आला होतास आणि तिच्यातल्या नकाशात तू उरण खाडीच्या भलत्याच बाजूला टाकलं होतंस. मी सगळ्या वर्गादेखत उठून सांगितलं. दुसरा कुणी असता तर रुसला असता. तू वही काढलीस आणि म्हणालास, "बाई, आणखी काय काय चुकलंय?" तेव्हापासून मी तुझी हेमाबाई.

तुला माझी खरी गरज होती ती बोलीसाठी. मी पनवेलला वाढले असले तरी मूळची उरणकडची, कोळ्याची. म्हाताऱ्या बायका तुझ्याशी पुस्तकातलं बोलायला जायच्या आणि अडखळायच्या. मी मध्ये बसले की त्यांची जीभ सुटायची. तू दुसऱ्या महायुद्धात बोटींवर गेलेले खलाशी शोधत होतास. लढणारे शिपाई नव्हेत ते, बॉयलरमध्ये कोळसा टाकणारे, दोर ओढणारे, डेक धुणारे. आपल्या किनाऱ्यावरच्या गावांमधून गेले आणि त्यातले काही परत आले नाहीत. त्यांच्या घरी ना तार आली ना पदक. "ह्यांना कुणी मोजलंच नाही, हेमाबाई," असं तू म्हणायचास, आणि मी म्हणायची, "मोज मग तू, पण आधी जेव." शूटिंगच्या दिवशी तू सकाळपासून काही खायचा नाहीस. पोट भरलं की कान बंद होतात, ही तुझी थिअरी. तुझ्या बऱ्याच थिअऱ्या अशाच होत्या, ऐकायला बऱ्या.

हेडफोनमधला तू मला आता छळतोस ते वेगळ्याच कारणाने. फिल्ममध्ये तू कधी दिसायचा नाहीस, नेहमी चौकटीच्या बाहेर, नुसता आवाज. समोर एखादा म्हातारा, त्याच्या मागे जाळी, आणि कुठून तरी तुझं "हं... मग?" आजही तसंच आहे. तू मेला आहेस असं ह्या रेकॉर्डिंगमध्ये कुठेच कळत नाही. उलट तिथे तू जास्त जवळ आहेस, अगदी कानापाशी. शेवटच्या वर्षातल्या टेप तर मी थांबत थांबत ऐकते. दर दोन-चार मिनिटांनी तू खोकतोस, आणि त्याच्या मागोमाग माझा आवाज येतो, वैतागलेला: "शिरीष, खोकू नको ना, आवाज खराब होतोय." सोळा ठिकाणी सापडलं मला ते. सोळा वेळा मी तुला आवाज खराब होतो म्हणून दटावलं, आणि एकदाही विचारलं नाही की हा खोकला कसला, दाखवलास का कुणाला. ते सगळं मी वहीत उतरवलं आहे. आपला नियम होता ना, ऐकू येईल ते सगळं लिहायचं.

आता हिराआजीबद्दल लिहिते. त्यासाठीच हे सगळं लिहायला बसले आहे.

उरणजवळच्या द्रोणागिरीच्या कंटेनरांच्या रांगा संपल्या की उजवीकडे जो रस्ता खाडीकडे उतरतो, त्याच्या टोकाला तिचं घर. पंच्याऐंशी गाठलेली बाई, पाठीत वाकलेली, नजर मात्र घारीची. तिचा बाप धर्मा युद्धात खलाशी म्हणून गेला तेव्हा ती पाळण्यात होती. तो गेला तो गेलाच. बोट बुडाली असं बंदरावर कुणी म्हणालं, कुणी म्हणालं दुसऱ्या देशात उतरलाय. तिच्या आईने कुणाचंच ऐकलं नाही. हातातल्या हिरव्या बांगड्या तिने शेवटपर्यंत उतरवल्या नाहीत, कपाळाचं कुंकू पुसलं नाही. आणि त्याहून मोठी गोष्ट म्हणजे पितृपक्षात त्याचं पान कधी वाढलं नाही. आजेसासऱ्याचं वाढायचं, सासऱ्याचं वाढायचं, दिराचं वाढायचं. धर्माचं नाही.

ती पहिल्या भेटीत जे बोलली ते मी मागच्या पंधरवड्यात उतरवलं. "आयस बोलायची, पान वाढला का तो मेला. नाय वाढला तर त्याला येवाला वाट हाय." मग आईच्या मागे हिराआजीनेही तोच नेम चालू ठेवला. लग्न झालं, नवरा ह्याच घरात राहायला आला, मुलं झाली, नवरा गेला. बाप मात्र मेला नाही, कारण त्याला मारायचं काम ह्या बायकांच्याच हातात होतं आणि त्यांनी ते केलं नाही.

आणि तू, शिरीष, कुठल्याशा परदेशी दफ्तरात चिकाटीने पत्रं लिहून लिहून एक कागद मिळवलास. बोटीचं नाव, धर्माचं नाव, गाव, काम. बोट बुडाली. सापडला नाही, मेला असं धरावं. तो कागद तू निळ्या फाइलमध्ये ठेवलास आणि तिथून आपलं भांडण सुरू झालं.

तुला तो कागद तिला कॅमेऱ्यासमोर द्यायचा होता. "ती हे एकदाच पहिल्यांदा ऐकणार आहे, हेमाबाई. दुसऱ्यांदा ऐकते ते नाटक." मी म्हणायची, म्हणूनच कॅमेरा नको. बापाचं मरण ऐकताना माणसाला आपला चेहरा कसा होतोय ह्याची चिंता असू नये. तू म्हणायचास, मग जगाला कळणार कसं? मी म्हणायची, जगाचं जग बघून घेईल, आधी म्हातारीला कळू दे. दोन वर्षं हे चाललं. तुमच्या कोनच्या बाल्कनीत, गाडीत, फोनवर, एकदा तर वडाळे तळ्यावर भेळ खाताना इतक्या जोरात की शेजारचं कुटुंब उठून दुसऱ्या बाकावर गेलं. एकदा मी रागाने म्हणाले, "तू म्हातारीच्या मरणाची वाट बघतोयस, म्हणजे ठरवायलाच नको." बघ आता, कुणाचा नंबर आधी लागला.

मग आपटा गावात तो फोटो सापडला. पाताळगंगेच्या काठचं ते घर आठवतं का? धर्माबरोबर आधीच्या बोटीवर असलेल्या एका खलाशाची नात तिथे दिलेली होती. तिने ट्रंकेच्या तळातून एक फोटो काढला. डेकवर ओळीने उभी आठ माणसं, डोळे उन्हाने बारीक झालेले, आणि मागे पेन्सिलीने आठ नावं. डावीकडून तिसरा धर्मा. तू तो फोटो मागून घेतला नाहीस, "ट्रंकेतच राहू दे, तिथेच तो टिकलाय," म्हणालास. अंगणात उन्हात ठेवून तू त्याचा फोटो काढलास, मी सावली पडू नये म्हणून पदर धरून उभी होते. मग त्या बाईने दिलेली तांदळाची भाकरी आणि कोलंबीचं कालवण तू दोनदा मागून घेतलंस. काम झालं की तुला भूक लागायची. परत येताना गाडीत तू गुणगुणत होतास, बेसूर. मला फार बरं वाटलं होतं त्या दिवशी.

धर्माचा चेहरा मोठा करून फ्रेम करायचा आणि हिराआजीला द्यायचा असं ठरलं. तिने बापाचं तोंड उभ्या आयुष्यात पाहिलेलं नव्हतं. कागदाचं नंतर बघू, आधी फोटो, ह्यावर आपलं पहिल्यांदाच एकमत झालं. तू प्रिंट काढून आणलीस आणि फ्रेमचं काम माझ्यावर टाकलंस.

पनवेलच्या बाजारातला फ्रेमवाला माझा जुना. त्याने प्रिंट पाहिली, काच पुसली, आणि माझ्याकडे न बघताच विचारलं, "बाई, चंदनाचा लावू की प्लास्टिकचा?" हार लावू का, असं नाही विचारलं त्याने. जुना, ब्लॅक अँड व्हाइट, फेटा बांधलेला माणूस म्हणजे गेलेलाच, आणि गेलेल्याला हार असतोच. माझ्या आजोबांना आहे, वडिलांना आहे. मी घड्याळ बघत होते, बँकेत जायचं होतं. मी म्हणाले, "चंदनाचा."

एवढंच. दोन वर्षं मी तुला शिकवत होते की त्या म्हातारीला तिच्या बापाचं मरण कसं कळावं, किती जपून, कुणी सांगावं. मी, कोळ्याची पोर, जिला त्या घरातलं न वाढलेलं पान ठाऊक होतं. आणि मीच एका शब्दात त्याला मारून, ब्राउन पेपरात गुंडाळून, तुझ्या हातात दिला.

ओटीवर कॅमेरा लावलेला. मी दारापाशी, कानाला हेडफोन. तिची सून सुनंदा चहा ठेवायला आत. आजीने फ्रेमवरचा ब्राउन पेपर फाडला नाही, चिकटपट्टी नखाने सोडवत बसली, किती वेळ. मग चेहरा बाहेर आला. तिने पाहिलं. तो हार फोटोच्या कपाळावरून खाली लोंबत होता, तिने तो एका बोटाने बाजूला उचलून धरला आणि खालचं तोंड पाहिलं. बराच वेळ ती तशीच बोट धरून होती. मग तिने वर न बघता विचारलं, "ह्यो हार कोनी घातला?"

माझं तोंड उघडलं होतं, शिरीष. मी बोलणारच होते. पण तू आधी बोललास. "मी घातला, आजी. माझी चूक झाली."

आणि मी तोंड मिटून घेतलं.

सुनंदा बाहेर आली आणि सासूकडे बघून आम्हाला म्हणाली, "तुमी आता जा. आज नको." मी ट्रायपॉडची पिशवी उचलून गाडीत जाऊन बसले. कॅमेरा घेऊन तू मागून येणार होतास. आलास, पण उशिरा. मला वाटलं, गोडीगुलाबीने तिला पुन्हा बसवायचा प्रयत्न करत असशील. परतीच्या वाटेवर ट्रेलरच्या मागे अडकलो तेव्हा मी म्हणाले, "शिरीष, तो हार..." तू म्हणालास, "पुढे बघू दे, तो रिव्हर्स घेतोय," आणि मग, "पाणी आहे का?" मी बाटली दिली. विषय संपला. त्यानंतर तू त्या घरी गेला नाहीस.

महिनाभराने मी फोनवर तुला म्हणाले की आता तरी जाऊन सरळ सांग तिला. तू म्हणालास, "त्यावर आमचं बोलून झालंय." मला वाटलं, टाळतोयस. मी म्हणाले, "तुझा सीन गेला म्हणून तू रुसून बसलायस, दुसरं काही नाही." तू हसलास. खोकत हसलास. तुझ्याशी भांडणाच्या सुरात बोललेलं माझं ते शेवटचं वाक्य. पुढे हॉस्पिटल, आणि तिथे कोण भांडतं.

गेल्या आठवड्यात मी त्या दिवसाच्या टेपपाशी पोचले.

सुनंदाचं "आज नको" येतं, माझी पावलं दूर जातात, आणि मग कॅमेरा खाली वळतो. तू लेन्स जमिनीकडे केलीस. बंद मात्र केला नाहीस. विसरलास, की मुद्दाम, ते तूच जाणे. पडद्यावर नुसती लादी दिसते, तिच्यावर आजीच्या उजव्या पायाचा अंगठा. आवाज मात्र स्वच्छ आहे.

आजी म्हणते, "तू शिकलेला मानूस हायस. मना खरा सांग. माझा बापूस मेला का?"

तू खोकतोस. बाहेर कुणाची तरी कोंबडी ओरडते. कागद तुझ्या पाठपिशवीत होता. निळी फाइल, तिच्यात वरचाच. मी हेडफोन कानांवर घट्ट दाबले, कारण मला वाटलं आता तू काढशील.

"मला माहीत नाही, आजी," तू म्हणतोस.

"मंग हार?"

"दुकानात तो आपोआप लावतात. मी बघितलंच नाही. बावळट आहे मी."

ती आवाज खाली आणते. मग अशी बोलते की मला कान लावून तीनदा ऐकावं लागलं. "मेला आसल ना, तर आमी त्याला उपाशी ठेवला. आयसने ठेवला, मी ठेवला. सगल्यांची पानां वाढली न् त्याला दाराशी उभा ठेवला. येवढी वरसां. म्हनून इचारते."

आणि तू, शिरीष, जो पुराव्याशिवाय बोटीचा रंगसुद्धा सांगायचा नाहीस, तू म्हणतोस, "नाही आजी, उपाशी कशाला? बोटीवर जेवण चांगलं असायचं. भात, डाळ, मासे. भरपूर असायचं."

अंगठा जरा हलतो. तू पुन्हा खोकतोस. मग "येतो आजी," आणि काळोख.

मी हेडफोन काढून ठेवले. तुझा इतका राग आला मला. मेलेल्या माणसाचा राग आला की त्याचं काय करायचं ते कुणी शिकवलेलं नसतं. दोन वर्षं माझ्याशी सत्यावरून भांडलास, आणि म्हातारीने तोंडावर विचारलं तेव्हा शेपूट घातलीस. वर माझा दोष अंगावर घेतलास, आणि मला सांगितलंही नाहीस की तू तिला काय बोललास. मी तुला सीनसाठी रुसलेला समजत राहिले. तू मला समजू दिलंस. असा कसा रे तू?

मग राग उतरला आणि भीती वाटली. पितृपक्ष जवळ आला होता. हिराआजी पुन्हा सगळ्यांची पानं वाढणार, आणि तो पुन्हा दाराशी उभा. खरं आता फक्त मला ठाऊक होतं, आणि मी साठी ओलांडलेली, रक्तदाबाच्या गोळ्या खाणारी बाई. मीही गेले तर? निळी फाइल मेधा रद्दीत देईल, तिला काय माहीत. तुझं खोटं मोडायचा मला हक्क आहे का, ह्याचा मी दोन दिवस विचार केला. तिसऱ्या दिवशी, म्हणजे परवा, सकाळची उरणची एस.टी. पकडली.

आजी ओटीवर सुकट निवडत बसली होती. फोटो आत टीव्हीच्या वर लावलेला, हाराशिवाय, नुसता. मी तिच्याजवळ बसले आणि आधी माझं सांगून टाकलं. "आजी, तो हार मी लावायला सांगितला होता. त्याने नाही."

"ठाव हाय मना," ती सुकटीवरून नजर न काढता म्हणाली. "त्याला कशाला सुचल हार? त्याच्या शर्टाची बटनां तरी सरल लागलेली आसायची का?"

मला हसू आलं आणि रडूही. मग मी फाइल उघडली. सुनंदा दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली. कॅमेरा नव्हता, शिरीष. मी कागद मराठीत वाचला, सावकाश, वर्गात वाचायची तसा. नाव, बापाचं नाव, गाव, काम, बोट. ती बुडाली. सापडला नाही. मेला असं धरावं.

आजीच्या हातात सुकटीची चिमूट तशीच राहिली. तिने पहिलं काय विचारलं असेल? "कंच्या म्हयन्यान?"

मी तारखेवरून हिशेब केला. "पौषात, आजी."

"म्हंजी थंडी," ती म्हणाली. "पानी गार आसल."

मी पुढचं न विचारता कागद फाइलमध्ये परत ठेवला. तू असतास तर तूही काही विचारलं नसतंस, एवढं मला माहीत आहे. मग ती सुनेला म्हणाली, "औंदा पान वाढू त्याचा." आणि लगेच तिचा चेहरा मोडला. "पन त्याला काय आवडायचा गो? त्ये सांगाला तर कोनी नाय उरला."

सुनंदा खाली बसली. तिने सासूच्या हातातली चिमूट सोडवून सुपात टाकली. "सगलाच करू, आये," ती म्हणाली. "काय ना काय खाल तो."

मला वाटलं, झालं. जे दोन वर्षं आपल्याला जमलं नाही ते अर्ध्या तासात झालं, आणि माझं म्हणणं खरं होतं. तुला हे सांगायची मला घाई झाली होती, खरंच, एस.टी.त बसल्या बसल्या फोन करायचा असं मनात आलंसुद्धा. तेवढ्यात आजीने डोळे पुसले आणि विचारलं, "न् तो कशाला नाय आला? खोकला हाय का अजून त्याचा?"

तिला तुझा खोकला ठाऊक होता. दहा वर्षं शेजारी बसून मी जे विचारलं नाही ते तिने विचारलं. आणि मी, जी त्या घरात खरं सांगायला गेले होते, जिने नुकताच तिच्या बापाचा मृत्यू वाचून दाखवला होता, ती मी म्हणाले, "बरा आहे, आजी. बाहेरगावी गेलाय. कामासाठी."

तोंडातून गेलं. परत घेता आलं नाही. एका सकाळी दोन मरणं त्या ओटीवर ठेवायची माझ्यात ताकद नव्हती. तुझ्यात एकही ठेवायची नव्हती, तेव्हा तू मला हसायचं नाहीस.

निघताना तिने माझा हात धरला. बोटांना सुकटीचा वास होता. "तो आला का सांग त्याला," ती म्हणाली, "मी रागवली नाय. त्या दिशी तो खोटा बोलला त्ये मना तवाच कललेला. बोलताना खोकला ना. पन बोटीवर जेवान चांगला आसायचा बोलला, त्ये मना बरा वाटला. त्यावर मी झोपली त्या दिशी. येवढा सांग न् पाठव त्याला. कवा येल?"

"येईल," मी म्हणाले.

तर निरोप असा आहे, शिरीष. हिराआजी रागावलेली नाही. मी मात्र आहे, थोडी. परवा मी तिला शब्द दिला आहे की पान वाढायच्या दिवशी येईन. ती तुझी चौकशी करणार, आणि मला तिला सांगावं लागणार की तू अजून आलेला नाहीस.